थांब म्हणायची वेळ

गुरुवार, २ ऑक्टोबर

इब्राहीमला आज त्याच्या गेमच्या दुकानात जाऊन स्पष्ट सांगून आले — फायनलला संजीव पोचला तर मी पंच राहणार नाही. नवरा खेळतोय आणि बायको निकाल देतेय, हे बरं दिसत नाही. तो काउंटरमागे करक चहा ओतत होता. म्हणाला, "मॅडम, नियमांची परीक्षा पास झालेला दुसरा माणूस दोहात आणून दाखवा. त्यालाही चहा पाजतो."

आणणार कुठून? गल्फमधले बाकीचे पंच दुबईला आणि रियाधला. इथे मीच, अल गराफ्यातल्या शाळेत गणित शिकवणारी. आणि हा पत्त्यांचा गेम, थॉर्नगेट, मुळात आमचा नव्हेच. आमच्या लेकीने, गार्गीने आणला. तिला कंटाळा आला, तिने सोडला. आम्ही दोघं अडकलो.

संजीव तर मागच्या वर्षीच्या स्ट्रोकनंतर अडकला. हात परत आला, पाय परत आला. शब्द मात्र उशिरा येतात. डोक्यात तयार असतात, ओठांपर्यंत यायला वेळ घेतात. सुरय्या, त्याची स्पीच थेरपिस्ट, म्हणाली होती, घरात बायकोशी बोलून भागणार नाही, तुम्ही बोलायच्या आत ती वाक्य पुरं करते. जिथं बोलावंच लागतं अशा जागी जा. म्हणून दर शुक्रवारी इब्राहीमचं दुकान. अट एकच — आजाराचं तिथं कुणाला सांगायचं नाही. त्यांच्या मते तो फक्त कमी बोलणारा माणूस आहे. आवडतं त्याला ते.

शुक्रवार, ३ ऑक्टोबर

पोचला! सेमीफायनल जिंकला. समोर फैसल येणार.

हा फैसल रत्नागिरीचा, इथल्या नजमा भागात चौघांत एक खोली करून राहतो, कुरिअर ऑफिसात क्लार्क आहे. वाईट नाही मुलगा. पण खेळतो फार वेगात. समोरचा विचार करतोय तोवर याचा हात पुढच्या पत्त्यावर. मला म्हणाला, "भाभी, तुम्हीच बसा पंच. माझी काय हरकत नाय. तुम्ही संजीवभाईंना सूट देनार नाय, ठाऊक आहे मला."

हे ऐकून बरं वाटलं. मग वाईटही वाटलं.

एका नव्या मुलीला आज लढाईचा नियम समजावत होते. सगळे तिथेच चुकतात. आधी एकजण अटॅक जाहीर करतो. दुसरा ठरवतो, आपला कोणता योद्धा आडवा घालायचा. तो आडवा घातला की लगेच डॅमेज मोजायचं नाही. मध्ये एक वेळ असते. त्या वेळात दोघांनाही हातातला झटपट पत्ता टाकता येतो — ढाल, विष, काय असेल ते. आधी अटॅक करणाऱ्याला विचारायचं, मग दुसऱ्याला. दोघंही 'पास' म्हणाले की डॅमेज. डॅमेज मोजलं की खलास, मग कितीही भारी पत्ता असो, तो गेला.

"आणि कोणी काही बोललंच नाही तर?" तिने विचारलं.

वाजवी वेळ थांबायचं, मी म्हटलं. मग ती गप्प बसणंच पास.

संजीव शेजारच्या टेबलवर पत्ते पिसत होता. त्याने वर पाहिलं नाही.

मंगळवार, ७ ऑक्टोबर

चकल्या तळत होते. दिवाळीला आता थोडेच दिवस. संजीव ओट्याशी उभा राहून तोंडातल्या तोंडात घोटत होता — "थांब. थांब. ढाल टाकतो. थांब." एकदम आला तर शब्द सुरेख येतो. अडतो तेव्हा 'थ'वरच गाडी बंद पडते.

मी म्हटलं, इब्राहीमला सांगू या ना. आधी सांगितलं तर नियमात जास्त वेळ मिळतो. हात वर केला की थांबायचं, एवढं ठरवता येतं. त्यात कमीपणा काय?

त्याने गॅस बारीक केला. मग म्हणाला, "लोक... हळू बोलतात माझ्याशी. ऑफिसात. मोठ्याने. जसा मी... बहिरा. तिथे नाही बोलत तसं."

"पण संजीव—"

"नको. वचन दे."

दिलं.

जिंकणाऱ्याला दुबईच्या मोठ्या फायनलचं तिकीट आहे. मी सोबत येऊ का म्हटलं तर म्हणाला, एकटा जाईन. आजारानंतर तो एकटा मेसईदच्या प्लँटवरसुद्धा गेलेला नाही. कंपनीने दोहाच्या ऑफिसात टेबल दिलंय. म्हणजे ही फायनल कशासाठी आहे ते मला कळतं. दुकानातल्या कुणालाच कळत नाही.

गुरुवार, ९ ऑक्टोबर

उद्याचा शर्ट त्याने स्वतः इस्त्री केला. मला हात लावू दिला नाही.

शुक्रवार, १० ऑक्टोबर

लिहायचं नव्हतं. पण झोपही येणार नाही.

दोघांनी एकेक डाव जिंकला होता. तिसरा निकालाचा. दुकानात सगळे टेबलाभोवती. फैसलने मोठा योद्धा पुढे केला, अटॅक. संजीवने आपला छोटा योद्धा आडवा घातला. पाहणाऱ्यांना वाटलं, संपलं. मला तसं वाटत नव्हतं. ज्या शांतपणे त्याने छोटा पत्ता पुढे सरकवला, त्यावरून मला कळलं, याच्याकडे ढाल आहे.

फैसल म्हणाला, "माझं काही नाय. पास. तुमचं?"

संजीवचा उजवा हात पालथ्या पत्त्यांवर होता. तो बोलला नाही.

फैसल थांबला. खरंच थांबला, त्याच्या स्वभावाच्या मानाने पुष्कळ. मी मनात म्हणत होते, बोल. बोल रे. ओठ हलत होते त्याचे. मी तोंड उघडलं असतं तर? पंचाला मध्ये बोलता येत नाही. बायकोला येतं. मी पंच होते.

फैसलने डॅमेज मोजलं. संजीवच्या गुणांचा फासा शून्यावर आणला. आणि मग आलं — "थां... थांब."

कुणीतरी हसलं. फैसलने माझ्याकडे पाहिलं. संजीव फैसलकडे बघतच नव्हता. सरळ माझ्याकडे. डोळे मोठे झालेले.

मी त्याच्या हाताखालचा पत्ता ओढून उलटला. ढाल. डॅमेजच्या आधी पडली असती तर डाव फिरला असता. सगळा गलका झाला. इब्राहीम म्हणाला, "मॅडम, आप बोलो."

मला ठाऊक होतं की तो गप्प बसला नव्हता, बोलायला धडपडत होता. टेबलाभोवती हे एकट्या मलाच ठाऊक होतं. आणि सांगायचं नाही असं वचन होतं. म्हणून सगळ्यांना जे दिसलं त्यावर निकाल दिला. वेळ दिली होती, बोलणं झालं नाही, डॅमेज मोजलं गेलं. उशीर झाला. फैसल विजयी.

संजीव वाद घालेल असं वाटलं. नाही. स्लिपवर सहीसुद्धा न करता खुर्चीत बसून राहिला. इतका राग. लोक पांगल्यावर उठला. हल्ली गाडी तोच चालवतो, हट्टाने. आज किल्ली टेबलावरच ठेवून पुढे गेला. मी चालवली. वाटेत एक शब्द नाही.

शनिवार, ११ ऑक्टोबर

"बरोबर होता ना निकाल?" सकाळी मी विचारलं. त्याने मान हलवली. हो म्हणून का नाही म्हणून, कळलं नाही.

गार्गी कॉर्नफ्लेक्स खाता खाता म्हणाली, "आई, यू वर राइट. दॅट्स द प्रॉब्लेम." मी म्हटलं, मराठीत बोल. "मराठीत पण तेच," म्हणाली.

सोमवार, १३ ऑक्टोबर

बोलत नाही. हो, नाही, मीठ.

बुधवार, १५ ऑक्टोबर

आज सुरय्याकडे जायचा वार. गेला नाही. तिला फोन करून मीच सांगितलं, बरं नाहीये. ती म्हणाली, "खेळायला जातो ना?" मी म्हटलं, नाही, ते बंद. मग तिने विचारलं, बोलणं कमी झालंय की बोलायची इच्छा? मी म्हटलं, इच्छा. खात्रीने म्हटलं. मीच तर घालवली ती.

दिवसभर शाळेत लक्ष नव्हतं. परत परत तोच क्षण. दुसऱ्या कुणाचा नवरा असता तर? समोरचा माणूस अडखळतोय असं दिसलं असतं तर मी म्हटलं असतं, फैसल, जरा थांब, त्यांना विचार नीट. नक्की म्हटलं असतं. माझा नवरा होता म्हणून नाही म्हटलं. लोक काय म्हणतील म्हणून मी जास्तच सरळ वागायला गेले.

त्याने वचन घेतलं होतं हे खरं. पण त्या वचनाआड लपायला मला सोपं गेलं.

शुक्रवार, १७ ऑक्टोबर

वचन मोडलं.

दुकानात गेले, एकटी. फैसल होताच, सगळे त्याचं अभिनंदन करत होते. त्याला बाहेर बोलावलं. गाड्यांच्या मध्ये उभं राहून सगळं सांगितलं — स्ट्रोक, शब्द, ओट्याशी 'थांब थांब' घोटणं. त्याचा चेहरा उतरत गेला.

"भाभी, आधी का नाय बोललात? मी पाच मिन्टं थांबलो असतो. दहा थांबलो असतो."

"म्हणूनच नाही बोललो."

त्याने गाडीला पाठ टेकली. मग म्हणाला, "आमचे अब्बा पण शेवटी असेच. आम्ही पोरं त्यांचं वाक्य ओढून घ्यायचो तोंडातून." आणि एकदम, "चला. यल्ला. तुमच्या घरी चला."

मी नको नको म्हणेपर्यंत गाडीत बसला.

संजीव सोफ्यावर होता. फैसल त्याच्या समोर जमिनीवरच बसला, पत्ते काढले. "संजीवभाई, तोच डाव. तिथनंच. माझा अटॅक, तुमचा ब्लॉक. आता तुम्ही बोला. कितीबी वेळ घ्या. तुम्ही जिंकलात तर मी इब्राहीमला सांगतो, तिकीट तुमचं."

संजीवने माझ्याकडे पाहिलं. त्याला कळलं की मी सांगितलं. मला वाटलं, आता उठून आत जाईल. पण राग नव्हता नजरेत. थकवा होता, आणि काहीतरी म्हणायचं राहिल्यासारखं.

फैसलच्या खांद्यावर डावा हात ठेवला त्याने. "निकाल... बरोबर होता. तू जा."

"पण ढाल होती तुमच्याकडे!"

"ढालीचं... सोड."

फैसल चकल्या घेऊन गेला. जाताना दारात डोळे पुसत होता. संजीव सोफ्यावरच बसून होता. मी शेजारी बसले, म्हटलं, माझं चुकलं, मी थांबवायला हवं होतं फैसलला. तो म्हणाला, "तुझं नाही," आणि पुढे काहीतरी म्हणू लागला. नेमका गार्गीने आतून आवाज दिला. ते राहिलं.

रविवार, १९ ऑक्टोबर

आकाशकंदील लावताना त्याच्या हातातून खिळा पडला. दोनदा. मी उचलून दिला. म्हटलं, हाताला काय झालं? "काही नाही."

पण फैसल येऊन गेल्यापासून घर जरा मोकळं वाटतंय. काल जेवताना हसला. मंगळवारी न्यूरोलॉजीची नेहमीची तपासणी आहे, तिथून येताना सूकच्या बाजारातून दिवे आणू म्हणाला. पूर्ण वाक्य. मी मध्ये बोलले नाही.

मंगळवार, २१ ऑक्टोबर

हॉस्पिटल. त्याला ठेवून घेतलंय. पुन्हा एक लहान झटका येऊन गेला होता. हे मोठ्याआधीचे इशारे असतात, म्हणाले. मानेतली शीर अरुंद झालीय, उद्या मोकळी करणार. आज आलात ते बरं झालं, आणखी आठवडा गेला असता तर सांगता आलं नसतं. गार्गी शेजारच्या काकूंकडे आहे. लक्ष्मीपूजन त्यांच्याकडेच.

मी डॉक्टरांना सांगत होते की बोलणं कमी झालंय ते मनाला लागल्यामुळे. त्यांनी मला हाताने थांबवलं आणि संजीवला विचारलं, झटका आल्यासारखं शेवटचं कधी झालं?

"त्या... शुक्रवारी. खेळताना. हात... उचलेना. पत्ते दिसत होते. हात माझा नव्हता."

किती वेळ?

"ती... निकाल देईपर्यंत. मग आला. पूर्ण नाही."

डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मग त्याला विचारलं, आणि तुम्ही बायकोला सांगितलं नाहीत?

तो मराठीत बोलला, माझ्याकडे बघून.

"सांगत होतो."