व्याह्यांचा मासा

आई,

तुझ्या नातीच्या लग्नानंतर व्याही यंदा दिवाळीत पहिल्यांदाच आपल्याकडे जेवायला आले. हातात पाणी भरलेली टम्म पिशवी, तीत हळदीसारखा पिवळा मासा. मी हॉलमध्ये खाऱ्या पाण्याची टाकी सांभाळतो हे त्यांना ठाऊक. मला कुणी शिकवलं नाही, माझं मीच शिकलो. त्या टाकीत प्रवाळ आहे, आणि लेक शाळेत होती तेव्हापासूनची क्लाउनफिशची जोडी. नवा मासा अंगात रोग घेऊन आला तर सगळीच जातील, म्हणून मी त्याला थेट तिथे सोडत नाही. मोरीशेजारच्या टबात महिना-दीड महिना ठेवतो. तळाला वाळू नाही, दगड नाही. लपायला पाइपचा एक तुकडा, बस्स.

व्याही टबाकडे बघत राहिले. "आमच्याकडचा म्हणून मोरीत का?" म्हणाले हसूनच, पण पुढे ताटावरून लवकर उठले. मी "नियम आहे" एवढंच बोललो. बायकोने डोळे वटारले, लेकीने मान खाली घातली.

मला लालबागची आपली खोली आठवली. आत्या गावाहून उकडे तांदूळ घेऊन आलीय, आणि तू ते आधीच्या तांदळाच्या डब्यात ओतत नाहीयेस. वेगळ्या डब्यात भरून तोंडाला फडकं बांधतेस. आत्या फुगलीय. तू म्हणतेस, "वन्सं, राग उतरेल. किडा लागला तर डबा जाईल." पण त्याच तांदळाची पेज तू लगेच स्टोव्हवर चढवतेस आणि पहिली वाटी आत्यापुढे ठेवतेस. वेगळं ठेवणं मला जमतं. ती पेज मला सुचली नाही.

पुढच्याच आठवड्यात माशाच्या अंगावर मिठाच्या कणांसारखे पांढरे ठिपके उमटले. तांब्याचं औषध दिलं. ते मोठ्या टाकीत घालता येत नाही, प्रवाळ मरतं. टबात होता म्हणून हाही वाचला आणि जोडीही. व्याह्यांचा फोन मात्र आला नाही. लेक म्हणाली, "पप्पा, तुम्ही बरोबरच असाल. तरी फोन तुम्हीच करा."

काल केला. म्हटलं, मासा तयार आहे, टाकीत तुम्ही तुमच्या हाताने सोडायचा. रविवारी येतो म्हणाले. आवाज मोकळा वाटला.

ठिपक्यांचं त्यांना सांगितलेलं नाही. इतकं बरोबर ठरूनही गप्प बसायची मला सवय नाही. हे तुला पाठवायचं तरी कुठे, पण तुलाच सांगतो: रविवारी तोंड बंद राहील, याची मला खात्री नाही.