बाबांना कुठे पुरायचं

१२ जानेवारी, मंगळवार
फाटकावर कोर्टाचा कागद! बाबांना जाऊन जेमतेम चार दिवस झालेत. दाव्याचा निकाल लागेपर्यंत या जागेत खणायचं नाही, बांधायचं नाही, कुणाला पुरायचं नाही. आणि या अंगणाचा दावा तर सहा वर्षं लोंबकळतोय!

उदेंबाकाकांनी परस्पर जाऊन हुकूम आणला. आम्हाला नोटीस नाही, बोलावणं नाही. भावकीतला माणूस, रोज कुंपणावरून ख्यालीखुशाली विचारणारा! इकडे उमुओका गावात ज्याला आपल्या अंगणात माती मिळत नाही, तो कुणाचाच नव्हता असं धरतात. काकांना ते पक्कं ठाऊक आहे. कबर झाली की जागा आमची ठरेल, म्हणून ही घाई.

चिदोझीदादा रात्रभर येरझाऱ्या घालत होता. त्याला आवरायचं कुणी? मी धाकटी.

१५ जानेवारी
बाबा शवागारात. आई काळं नेसून कोपऱ्यात बसलीय. ना जेवण, ना बोलणं.

२२ जानेवारी
आमचे वकील अन्यादिके यांनी काकांचं प्रतिज्ञापत्र वाचून दाखवलं. म्हणे, "माझ्या वडिलांची कबर यांच्या स्वयंपाकघरामागे आहे."

चिदोझी खो खो हसला. "चार वर्षांचे होते तेव्हा आईचं बोट धरून दूर जोस शहरात गेले, ते तीस वर्षांनी उगवले. आणि यांना कबर आठवते! पाळण्यातलंही आठवत असेल!"

मीही हसले. बऱ्याच दिवसांनी घरात हसू. आई मात्र उठून आत गेली.

३ फेब्रुवारी
पुन्हा पुढची तारीख. न्यायाधीश बाई आजारी.

७ फेब्रुवारी, रविवार
लिहू की नको? लिहितेच.

सगळं गाव चर्चमध्ये असताना चिदोझीनं स्वयंपाकघरामागे खणायला घेतलं. खड्डा आज, बाबा पुढच्या रविवारी — असा त्याचा बेत. "एकदा पुरलं की कुठलं कोर्ट उकरून काढतं बघू!" मी टोपलीनं माती ओढत होते. आईला बोलावलं, ती आली नाही.

कंबरेएवढं खोल गेल्यावर कुदळ लोखंडावर आपटली. मानकऱ्याची काठी, त्याच्यासोबत पुरतात ती, कड्यांची, गंजलेली. आणि तिच्या शेजारी हाडं.

मग चिदोझी म्हणाला, "एबेरे, कुणाचीही असतील."

"काकांचे वडील मानकरी होते, दादा."

"कुणाचीही असतील म्हटलं ना!"

सगळं होतं तसं बुजवलं. वरून पाला पसरला. दादानं माझ्याकडून बाबांची शपथ घेतली. पण प्रार्थनेहून माणसं परतायच्या आत माती काही वाळली नाही.

१० फेब्रुवारी
काकांनी कुंपणावरून उकरलेली माती पाहिली. दुपारीच कोर्टात अर्ज — हुकूम मोडला, कोर्टाचा अवमान झाला, चिदोझीला आत टाका!

त्यांना तिथे काय आहे ते दिसलेलं नाही. मला दिसलंय.

१८ फेब्रुवारी, गुरुवार
अन्यादिके आज काय बोलले! "बाईसाहेब, आधी ह्या हुकुमाचं बघा. ज्यांचा बाप शवागारात पडलाय त्यांना एका शब्दानं न विचारता तो दिलाय. ऐकूनच घ्यायचं नाही आणि वर अवमान म्हणून तुरुंगात टाकायचं, हा कुठला न्याय?" बाई मान डोलावत टिपून घेत होत्या. सहा वर्षांत पहिल्यांदा आमचं कुणी ऐकत होतं. मला रडूच आलं.

मग मला उभं केलं. बायबलवर हात.

"किती खणलं?"

"वीतभर. कचरा पुरायला."

"आत काही सापडलं?"

"नाही."

उदेंबाकाका माझ्याकडे बघत होते. रागानं नाही. मी काहीतरी सांगेन, अशी आशा असल्यासारखं. लाज वाटली. तरी सांगितलं नाहीच.

बाहेर आल्यावर वकील म्हणाले, "उद्या हुकूम रद्द होणार, अवमानही गळणार. शनिवारी खुशाल पुरा." चिदोझी मांडववाल्याकडे धावला. बाबा घरी येणार — मला आनंद व्हायला हवा.

१९ फेब्रुवारी
आई कोर्टात आली, कुणी न बोलावता. न्यायाधीश बाई निकाल वाचू लागल्या आणि ती मागच्या बाकावरून उठली.

शिपाई खेकसला, "खाली बसा! कोर्टाचा अवमान होईल!"

"होऊ दे," आई म्हणाली. "स्वयंपाकघरामागे उदेंबाचा बाप आहे. वर मातीचा उंचवटा होता. मी लग्न होऊन आले त्या वर्षी माझ्या नवऱ्यानं तो सपाट केला. माती मी डोक्यावरून वाहिली."

चिदोझीनं तोंड झाकून घेतलं. बाईंनी कागद खाली ठेवला. "सहा वर्षं दावा चाललाय. इतके दिवस का बोलला नाहीत?"

"मला विचारलं कुणी?"

उदेंबाकाका मोठ्यानं रडत होते. मी आईचा हात धरायला गेले. तिनं धरू दिला नाही.