सुमनचा हात

२६ नोव्हेंबर, लोणावळा

आज संविधान दिनानिमित्त नववीच्या वर्गात मुलांची लुटुपुटुची संविधान सभा भरवली आणि अध्यक्ष मीच झाले. वलवणच्या वरच्या ठाकरवाडीतली सुमन उठून म्हणाली, “काम मिळायचा हक्क मूलभूत हक्कांत घाला. आईला आठवड्यातनं दोनच दिस मजुरी मिळती.” सरकार एवढी कामं आणणार कुठून, म्हणून बाकीच्यांनी वाद घातला. शेवटी पुस्तकातलीच तडजोड मी वाचून दाखवली. कामाचा हक्क मार्गदर्शक तत्त्वांत जाईल, सरकार प्रयत्न करील, पण त्यासाठी कोर्टात जाता येणार नाही. सगळ्यांनी हात वर केले. सुमनने नाही.

फोटो काढायला आलेल्या मुख्याध्यापकांना सगळे हात वर हवे होते. मी का ऐकलं त्यांचं? “सुमन, तडजोड म्हणजे हेच असतं गं,” मी तिला म्हणाले. तिने हात वर केला, पण बोटं मिटलेली. ती मिटलेली बोटं डोळ्यांसमोरून जात नाहीत.

बाकं सरळ लावताना तिने विचारलं, “बाई, तवा, खऱ्या सभेत, ज्यांना पटलं न्हवतं, त्यांनी बी असाच हात वर केलता?”

मी हो म्हणाले. खरं काय ते मला ठाऊक नाही. तिला बरं वाटावं म्हणून बोलले, की मला?