वरच्या आळीत बारशाला

विशाल,
भाकऱ्या टोपलीत हायत, कालवण गरम करून घे. मी प्रविणच्या घरी चाललेय. पंचायतीच्या निवडणुकीत सख्खा भाऊ विरोधात उभा राहिला म्हणून तू त्याच्याकडं जायची बंदी घातलीस. आजवर ऐकलं.

मृणालीनं रोह्याच्या वाचनालयातून आणलेली स्पेनच्या यादवी युद्धावरची कादंबरी मी काल वाचून संपवली. त्यातले दोघे भाऊ दोन बाजूंनी लढतात. आई थोरल्याच्या धाकानं घरात बसते आणि धाकट्याचं तोंड मेल्यावरच बघते. मला रडू नाय आलं, तिचा राग आला.

आज प्रविणच्या लेकीचं बारसं हाय. आत्या म्हणून नाव ठेवायला मृणालीही येतेय. संध्याकाळी परत येऊ. दाराला आतून कडी घातलेली असली तर हाक मारणार नाय, परत प्रविणकडंच जाऊन राहू.

तुझी आणि त्याचीही,
आई