आमच्या गावी न थांबणारी गाडी

प्रिय सोकजू,

सगळा कोरिया तुला राष्ट्राध्यक्ष महोदय म्हणतो, पण ज्याचं नाक मी माझ्या बाहीला पुसलं, त्याला महोदय म्हणायला माझी जीभ वळत नाही.

यंदाची किमची फक्कड जमलीय. गावच्या सगळ्या बायका अंगणात जमल्या होत्या, आणि मिरचीपेक्षा तुझ्या नावाचाच ठसका जास्त होता. निवडणुकीआधी बाजारात उभा राहून तू म्हणाला होतास ना, आपल्या गावी गाडी थांबवीन म्हणून? आता संसदेने त्या स्टेशनाचे पैसेच कापले. गावप्रमुख प्यो भर अंगणात मला म्हणतो, "मालसुन काकू, भाऊ राष्ट्राध्यक्ष, आणि एक गाडी थांबवता येईना? मग निवडून दिला कशाला?" मी म्हटलं, "अरे, तो राष्ट्राध्यक्ष आहे, राजा नव्हे. राजाची बहीण असते तर इथे कोबीला मीठ चोळत बसले असते का?" बायका पोट धरधरून हसल्या.

मग राजधानीहून एक वार्ताहर पोरगी आली. अगदी हडकुळी, म्हणून आधी जेवायला घातलं. तिने विचारलं, "आजी, या स्टेशनावर उतरणार कोण?" मी खरं तेच सांगितलं, "सणाला आमची पोरं, आणि एरवी झोप लागून चुकलेला एखादा." झालं! दुसऱ्या दिवशी पहिल्याच पानावर 'राष्ट्राध्यक्षांच्या ताईचं स्टेशन'. प्यो अजून माझ्याशी धड बोलत नाही. फोटो मात्र छान आलाय.

तुला झोंबलं असणार. लहानपणी पतंग अडकला की झाडच तोडा म्हणायचास.

परवा तुझ्या कचेरीतल्या एका साहेबाचा फोन आला. "ताई, काळजी नको. पूरग्रस्तांच्या निधीतून पैसे वळवतोय, संसदेला कळेपर्यंत फलाट उभा राहील. आणि त्या पोरीला यापुढे कचेरीत पाऊल ठेवू देणार नाही." किती गोड बोलत होता! मी मात्र फोन ठेवला आणि कागद शोधायला उठले. सोकजू, त्यासाठीच हे पत्र. ते पैसे पुरात घर गेलेल्यांचे आहेत, त्यांनाच जाऊ देत. त्या पोरीलाही आत येऊ दे, नाहीतर मी तिला पुन्हा जेवायला बोलावीन आणि या खेपेला सगळं बोलेन. त्या खुर्चीवरून उतरून कोर्टाच्या पायऱ्या चढलेली माणसं आपण दोघांनीही टीव्हीवर पाहिलीत. तुझी मुदत संपल्यावर मला तुरुंगात तुझ्यासाठी डबा आणायचा नाहीये. तू सरळ घरी ये. शेजारच्या गावी उतर, प्योच्या ट्रॅक्टरवर बसून मी तुला न्यायला येईन, त्याचं तोंड कितीही फुगलेलं असो.

तुझीच,
मालसुनताई