बुर्गीच्या कोटाचं अस्तर

होर्डे, डॉर्टमुंड
मंगळवार, दुपार

श्री. कोर्बिनियान मेहुणे यांना एवाल्ड पिओंटेकचा नमस्कार.

तुमची, वहिनींची आणि तुमच्या त्या बुटक्या, लठ्ठ कुत्र्याची तब्येत चांगली असेल असं धरून चालतो. म्युनिकात तब्येत बिघडायला काही कारणच नसतं. मे महिना आला की बहुतेक दर वर्षी तुमच्या बायर्न फुटबॉल क्लबची मंडळी चषक घेऊन नगरभवनाच्या सज्जात उभी राहतात, खाली चौकात तुम्ही बियर पिता, आणि पुढच्या वर्षी परत तेच. आनंद इतका अंगवळणी पडलेल्या माणसाला सर्दीसुद्धा होत नसावी. इकडे म्हणाल तर मी आहे. डावा गुडघा अजून माझाच आहे, पण माझं ऐकत नाही. पोलादाचा कारखाना होता तिथे तलाव होऊन इतकी वर्षं झाली, तरी मी सकाळी खिडकीतून धुराडं शोधतो आणि मला बदकं दिसतात. (बदकं चांगली आहेत. त्यांच्याबद्दल माझी तक्रार नाही.)

पत्रास कारण की, तुमची एक वस्तू माझ्या घरात सापडली आहे, ती परत करायची आहे. ऑक्टोबरपासून आपण बोलत नाही आहोत आणि ती व्यवस्था दोघांनाही मानवली आहे, तेव्हा ती मोडावी असा माझा बिलकुल हेतू नाही. वस्तू पोहोचली की विषय संपला. पण ती कोणती, कुठे सापडली, हे न सांगता नुसती पाठवली तर तुम्ही म्हणाल, एवाल्ड आता पुरता बिघडला. म्हणून थोडं मागून सांगतो.

बुर्गीच्या दफनाच्या दिवशी तुम्ही आणलेल्या पुष्पचक्राची बायर्नच्या रंगांची लाल-पांढरी फीत मी कापली. (कबर खोदणाऱ्याकडून चाकू मागून घेतला. त्याने कशाला म्हणून विचारलं नाही, इथे सगळे समजूतदार आहेत.) माझं म्हणणं तेव्हा सरळ होतं. बुर्गी म्युनिकची, गीझिंगची, तुमची धाकटी बहीण, सगळं मान्य. पण लग्न होऊन ती इकडे आली आणि पहिल्याच शनिवारी मी तिला आमच्या डॉर्टमुंड क्लबच्या स्टेडियमात, उभ्याने सामना पाहायच्या दक्षिणेच्या स्टँडवर नेलं, त्याला तेहतीस वर्षं झाली. तेहतीस वर्षं ती माझ्या डाव्या हाताला, त्याच पायरीवर, त्याच लोखंडी दांड्याला टेकून उभी राहिली, पावसात, बर्फात, आणि ज्या मोसमात आमच्या क्लबचं दिवाळं निघायचंच बाकी होतं त्या मोसमातही. मी तिला बाटवली, असं मी कारखान्यात छाती फुगवून सांगत असे. आमच्या लग्नात तुम्ही उभे राहून म्हणालात, बहीण दिली, क्लब दिलेला नाही, तेव्हा सगळे हसले आणि बुर्गी जरा जास्तच हसली. मला वाटलं, ती तुम्हाला हसते आहे. अशी बाई बायर्नच्या फितीखाली मातीत कशी जाणार? तुम्ही ते बोडकं पुष्पचक्र पाहिलंत, टोपी घातलीत आणि कॉफीला न थांबता स्टेशनवर गेलात. तुमच्या वाटणीचे केकचे दोन तुकडे मी खाल्ले. गोड लागले नाहीत.

त्यानंतर डाव्या हाताची जागा रिकामी झाली. तुम्हाला वाटेल, पंचवीस हजार माणसं उभी राहतात तिथे एक जागा रिकामी राहून राहून किती राहणार. पण आमच्याकडे ज्याची त्याची पायरी ठरलेली असते आणि गेलेल्या माणसाच्या पायरीवर कुणी पाय ठेवत नाही, त्यामुळे माझ्या शेजारी बरोबर एका बाईच्या मापाचं भोक पडलं आणि त्यातून वारा यायला लागला. सबंध मोसमाच्या प्रवेशाचं कार्ड तिच्या नावाचं. ते उन्हाळ्याच्या आत दुसऱ्या कुणाच्या नावावर करायचं, नाहीतर तिथे कोणीही येऊन उभा राहणार. म्हणून मी माणसं आणून पाहिली. प्रथम खालच्या मजल्यावरचा झिगबेर्ट. माणूस सज्जन, चर्चच्या गायनमंडळात खर्ज लावतो. पण ऐंशीव्या मिनिटाला घड्याळ पाहून म्हणाला, "एवाल्ड, निघू या का? ट्रामला गर्दी होईल." (आम्ही एका गोलने मागे होतो. सबंध ब्लॉकने माना वळवल्या. मी त्याला ओळखत नसल्यासारखा उभा राहिलो.) मग माझी बहीण हेडविग. तिने घडीचं स्टूल आणलं होतं, ते दारावरच काढून घेतलं, तेव्हा ती माझ्या अंगावर रेलून उभी राहिली आणि तिच्या पित्ताशयाच्या ऑपरेशनची हकीकत सांगू लागली. आमचा गोल झाला तेव्हा ती टाक्यांपर्यंत आली होती. तिसरं माणूस मी आणलं नाही. शेजारी कुणी नसण्यापेक्षा शेजारी कुणीतरी असणं वाईट, असं माझं मत झालं आणि मी बुर्गीचा हिवाळी कोट दांड्यावर टाकून उभा राहू लागलो. कोट बरा. तो शेवटपर्यंत थांबतो.

तो कोट तुम्ही पाहिला आहे, काळा, जाड, गुडघ्याच्या खाली येणारा. बायर्नशी सामना असला की उन्हातसुद्धा ती तोच घालायची. (मी विचारलं की म्हणायची, तुमच्या या गावात कधी गारठा पडेल सांगता येत नाही.) मागच्या शनिवारी पावसात भिजून तो इतका जड झाला की वाळता वाळेना. रविवारी उलटा करून टांगायला गेलो, तर अस्तर एका बाजूने हाताने शिवलेलं, बारीक टाके, बुर्गीचेच. आत काहीतरी लांबट, मऊ. पहिल्यांदा मनात आलं, प्रेमपत्रं. मेहुणे, खोटं कशाला सांगू, तो कोण असेल याचा मी पाच मिनिटं विचार केला आणि झिगबेर्टवर येऊन थांबलो. मग कात्री आणली. आत बायर्नचा मफलर निघाला, लाल-पांढरा, काठ झिजलेला, आणि टोकाला शाईने, शाळकरी अक्षरात, तुमचं नाव. प्रेमपत्रं परवडली असती. झिगबेर्टला निदान एक ठोसा तरी लगावता आला असता.

तसाच मफलर पिशवीत कोंबून गेर्डाकडे गेलो. गेर्डा कुचिन्स्की पूर्वी ट्राम चालवायची, आणि बुर्गीच्या पलीकडच्या अंगाला वीस वर्षं उभी राहिली आहे. मी मफलर तिच्या टेबलावर ठेवला. ती दचकलीसुद्धा नाही.

"अगं बाई! सापडला का शेवटी?"

"म्हणजे तुला माहीत होतं?"

"मला? अरे, सगळ्या ब्लॉकला माहीत होतं. बायर्नचा गोल झाला की आम्ही आधी तिच्याकडे बघायचो. ओठ असे घट्ट मिटून घ्यायची बिचारी, आणि पटकन तुझा हात धरायची. नाहीतर ओरडलीच असती!"

"आणि एवढ्या वर्षांत मला कुणी बोललं नाही?"

"बोललो असतो, मग तो आलूबुखाऱ्याचा केक आम्हाला कोण आणून देणार होतं? तू?"

(मध्यंतरात बुर्गी चांदीच्या कागदातून पुढच्या-मागच्या चार रांगांना केक वाटायची. मी त्याला माणुसकी समजत होतो. ती लाच होती.)

मेहुणे, मफलराचं मला एवढं नाही. हाताचं आहे. तुमचा गोल झाला की ती माझा हात धरून घट्ट दाबायची. तेहतीस वर्षांत तुम्ही आम्हाला मारलेले गोल काही थोडेथोडके नाहीत. प्रत्येक वेळी मी जग बुडाल्यासारखा उभा असायचो आणि तो हात म्हणायचा, असू दे रे. त्या हाताच्या आधारावर मी संसार केला. मे महिन्यातला तो शनिवार तुम्हाला आठवत असेलच. मोसमाचा शेवटचा दिवस, घरचं मैदान, आम्हाला नुसतं जिंकायचं होतं आणि आम्ही बरोबरीत अडकलो. त्याच वेळी तिकडे दुसऱ्या शहरात तुम्ही अखेरच्या मिनिटांत गोल करून चषक घेऊन गेलात. त्या दिवशी तिने स्टेडियमपासून घराच्या दारापर्यंत माझा हात सोडला नाही, आणि रडत होती. मी तिला म्हणालो, बुर्गी, तू नको रडू, मला सवय आहे. आता ते रडणं कोणत्या रंगाचं होतं, हे विचारायला ती नाही. दोन दिवस मला जेवण गेलेलं नाही. चषक गेला ते मी सोसलं. पण तो हात माझ्यासाठी होता की तुमच्या गोलसाठी, एवढं मला कुणीतरी सांगायला हवं, आणि इथे सांगणारं कुणी दिसत नाही.

असो. मफलर सोबत पाठवत आहे. वहिनींना नमस्कार, कुत्र्याला कमी खायला घाला. उत्तर पाठवण्याची तसदी घेऊ नये.

आपला,
एवाल्ड

ता. क. मफलर सापडला नाही तर टपालखात्यावर चिडू नका. तो मी पाकिटात घातलेलाच नाही. गेर्डाने तो परत अस्तरात शिवून दिला. तिचे टाके बुर्गीइतके बारीक नाहीत, पण धरतील.

दुसरा ता. क. तुमची फीत मी टाकली नव्हती. मोज्यांच्या खणात होती. काल नेऊन तिच्या क्रुसाला बांधली, मागच्या बाजूने. पुढून पाहणाऱ्याला पिवळी ट्युलिपच दिसतात. फीत कापली ते माझं चुकलं. (हे वाक्य मी तीनदा खोडून चौथ्यांदा लिहिलं आहे, तेव्हा जपून वाचा.)

तिसरा ता. क. येत्या शनिवारी तुमची मंडळी इथे खेळायला येत आहेत. पाकिटात बुर्गीचं कार्ड आहे. तीनच्या आत घरी या, सूप करून ठेवतो. कोट तुम्हाला व्हायचा नाही, नुसता खांद्यावर टाका. तिचा आमच्या क्लबचा पिवळा मफलर वरून गुंडाळा, नाहीतर मला तुम्हाला ओळखत नाही म्हणावं लागेल. ऐंशीव्या मिनिटाला निघायचं नाही. तुमचा गोल होईल, तो होतोच, त्याची काळजी मी सोडली आहे. तेव्हा फक्त ओरडू नका. त्या मफलरावर तुमचं नाव आहे, म्हणजे लहानपणी गोल झाला की ती तुमच्याच शेजारी असणार, आणि तुमच्या घरात आनंदाने हात कसा दाबतात ते तुम्हाला माहीत असणार. तसा माझा दाबा. तेहतीस वर्षांची ओळख आहे, मला लगेच कळेल.