ऑगस्टइतकाच ठीक

सिस्टर, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की आता तुमच्याशी भांडण्यातही अर्थ नाही, आणि खरं तर मला तुमच्याशी भांडायचंही नाही. ज्यांच्याशी भांडायचंय ते सगळे जिवंत आहेत, धडधाकट आहेत आणि माझ्याशी फार गोड बोलतात. विनिपेगला माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीशी बसून लिहितेय. काल बर्फ पडला. माझा नातू सकाळी उठून ड्राइव्हवे शोव्हल करून, फावड्याने सगळा बर्फ काढून आला, कडा अशा सरळ कापल्यात की भूगोलाच्या वहीत तुम्ही आमच्याकडून आखून घ्यायचात ते समास आठवावेत. आता तो खाली बेसमेंटमध्ये त्याच्या खोलीत बसलाय, दिवा न लावता. दुपारी त्याच्या कॉलेजची फायनल आहे.

तुम्ही आम्हाला नागपूरच्या उन्हात हॉकी शिकवलीत, तेव्हा खेळातलं तुम्हाला मी सांगायला नको. पण हा इथला फुटबॉल तुम्ही पाहिलेला नाही. लांबट चेंडू हातात धरून पळायचं आणि पळणाऱ्याला समोरच्यांनी अंगावर झेप घेऊन पाडायचं. नातू पाडणाऱ्यांपैकी. त्याचे आईवडील दूर किचनर शहरात सॉफ्टवेअरमध्ये आहेत. हा इथे शिकतो म्हणून माझ्याकडे राहतो. कॉलेज एवढंसं, टीम त्याहून गरीब. गेल्या वर्षी एकही मॅच जिंकली नाही. ह्या वर्षी जिंकतेय. ग्रोसरीच्या दुकानातली काउंटरवरची बाई माझं अभिनंदन करते, जणू मीच धावले.

सगळ्याची सुरुवात ऑगस्टमध्ये ह्याच टेबलाशी झाली. तो आणि त्याचा मित्र थालीपिठं खात बसलेले. मित्र शेतावर वाढलेला, दारात उभा राहिला की उजेड अडतो, आणि तोही मला ‘आजी’च म्हणतो.

“आजी, आज टेस्ट होती. सगळ्या टीमने घाण केली,” नातू हसत म्हणाला.

“नापास झालास आणि दात काढतोस?”

“मुद्दाम गं! कॉम्प्युटरवर शब्द दाखवतात, आकार दाखवतात, मग आठवून सांगायचे. सीझनच्या आधी एकदा घेतात. नंतर डोक्याला मार बसला की तीच परत घेतात आणि कंपेअर करतात. आधीच स्कोअर कमी असला तर नंतरचा मॅच होतो. गुड टु गो, खेळायला मोकळे!”

मित्राला मराठी कळत नाही, पण विषय कळला. तो मान खाली घालून इंग्रजीत म्हणाला, “आजी, मी मुद्दाम नाही केली. मी जीव तोडून सोडवली. तरी माझाच सर्वांत कमी आला.”

दोघं टेबल बडवून हसले. मी म्हटलं, परीक्षेत ठरवून नापास होणारी मुलं मी जन्मात पहिल्यांदा पाहतेय, गाढवसुद्धा आधी प्रयत्न करून बघतं. “आजी, ओल्ड ट्रिक आहे, सिनियर्स शिकवतात,” नातू म्हणाला. मग एकदम हसू थांबवून, “पण कोणाला सांगायचं नाही हं. प्रॉमिस.” सिस्टर, मी जन्मभर विम्याच्या ऑफिसात दावे तपासले. न झालेली दुखापत झाली म्हणून सांगणारे शेकड्यांनी पाहिले. होणारी दुखापत लपवायची तयारी आधीच करून ठेवणारे हे पहिलेच.

ऑक्टोबरमध्ये ते झालं. मी ब्लँकेट गुंडाळून, थर्मास मांडीवर घेऊन बाकावर बसलेय. तो धावत जातो, समोरचा मान खाली घालतो, आणि दोन हेल्मेटं आपटतात. तो आवाज मला अजून ओट्यावर वाटी ठेवली तरी ऐकू येतो. तो पडतो. मग उठतो. लोक टाळ्या वाजवतात. तो हात वर करून चालू लागतो, सावकाश, अगदी खात्रीने, आणि समोरच्या टीमच्या बाकावर जाऊन बसतो. सगळं स्टेडियम हसलं. तिथल्या पोरांनी पाठीवर थोपटून त्याला परत पाठवलं. मी हसले नाही. माझ्या शेजारचा गृहस्थ म्हणाला, “त्यांना घाबरवायला गेला असेल!” मी त्याच्याकडे असं पाहिलं की उरलेली मॅच तो दोन बाकं सोडून बसला.

दोनेक दिवसांनी परीक्षा झाली, आणि निकाल काय? ऑगस्टमध्ये होता तेवढाच. म्हणजे ठीक. ऑगस्टइतकाच ठीक! पुढच्या शनिवारी तो परत मैदानात. तेव्हापासून घरात काहीतरी वावरतंय, सिस्टर, मला दुसरा शब्द सुचत नाही. तो घरात गॉगल लावतो. रिकामी किटली चालू करून तिच्यासमोर उभा राहतो. मिक्सर लावला तर ओरडतो. हा मुलगा आजवर माझ्यावर कधी ओरडला नव्हता. लेकीला फोन केला तर म्हणते, “आई, ही इज सो हॅपी धिस इयर. टेस्ट क्लिअर आहे ना? मग तू काळजी करू नकोस.” कॉलेजच्या दवाखान्यातली मुलगी तर साखरेच्या पाकातली. तो सज्ञान आहे, त्याच्याबद्दल मला काही सांगता येणार नाही, प्रायव्हसी आहे. मी म्हटलं, “बाई, मला तू काही सांगू नकोस. मी तुला सांगतेय, ते ऐक.” ऐकलं तिने. गॉगल, किटली, सगळं. मग म्हणाली, त्याचा स्कोअर नॉर्मल आहे. टेस्टचं मात्र मी तिला सांगितलं नाही. तोंडाशी आलेलं गिळलं, कारण ते सांगितलं की एकटा नातू बाद होत नाही, अख्खी टीम बाद होते.

म्हणून तुमची आठवण. ती इंटरस्कूलची मॅच, आमची कॅप्टन आणि समोरची मुलगी एकमेकींवर आदळल्या. कॅप्टन लगेच उठली, “आय अ‍ॅम फाइन, सिस्टर” म्हणाली. तुम्ही झगा वर खोचून तरातरा मैदानात आलात आणि तिला एकच प्रश्न विचारलात: आज सकाळी प्रार्थनेला तुझ्या शेजारी कोण उभं होतं? तिने हसून जिचं नाव घेतलं ती मुलगी आदल्या वर्षीच शाळा सोडून गेली होती. तुम्ही शिट्टी फुंकलीत. कॅप्टन बाहेर, आणि तिच्याशिवाय आम्ही हरलो. दुसऱ्या दिवशी तुम्ही वर्गात आलात तेव्हा आम्ही नेहमीसारख्या उभ्या राहिलो, पण एकीनेही “गुड मॉर्निंग, सिस्टर” म्हटलं नाही. तुम्ही दारात थांबलात. वाट पाहिलीत. मग “सिट डाउन” म्हणालात आणि नकाशा उघडलात. सहामाही संपेपर्यंत आमचा तो मुका नमस्कार तुम्ही रोज घेतलात. आणि मला एकदा, व्हरांड्यात गाठून, इंग्रजीत सुनावलंत: तुझ्या जिभेला धार आहे, पण ती चालते नेहमी तुझ्यापेक्षा लहान माणसावरच.

काल जेवताना मी तुमचा प्रश्न विचारून पाहिला. “गेल्या शनिवारी मॅचनंतर तुला घरी कोणी आणलं रे?” त्याने भाताचा घास तसाच धरून ठेवला. “कोच?” मग माझ्या चेहऱ्याकडे बघून, “बस?” मीच आणलं होतं, सिस्टर. वाटेत गाडी थांबवावी लागली, त्याला उलटी झाली, मी त्याचं डोकं धरून उभी होते. त्याने चमचा ठेवला आणि हळू आवाजात म्हणाला, “आजी, उद्या लास्ट गेम आहे. प्लीज. तू काही बोललीस तर आय विल नेव्हर टॉक टु यू अगेन.” हे वाक्य मात्र तो विसरणार नाही.

कोचचा नंबर समोर आहे. ऑगस्टमधली टेस्टच खोटी आहे, सगळ्यांची, हे एकच वाक्य बोलायचंय. कोच उंच आहे, आवाज मोठा आहे, गावात त्याला मान आहे. माझ्या जिभेला आजवर असला माणूस मिळाला नव्हता.

हे पत्र मी टाकणार नाही. टाकणार तरी कुठे? एवढं मात्र तुमच्याजवळ कबूल करते. सकाळपासून मी हे लिहीत बसलेय, कारण लिहिताना हात गुंतलेला असतो आणि फोन उचलावा लागत नाही. मला त्याच्या अबोल्याची भीती वाटते. तुम्हाला वाटली होती का आमची? आम्ही तेव्हा सगळ्या खाली मान घालून उभ्या असायचो, तुमचा चेहरा कोणी पाहिलाच नाही.

जिन्यात पावलं वाजतायत. वर आलाय. माझ्या मागे उभा राहून खिडकीतून बाहेर बघतोय, त्या लख्ख मोकळ्या ड्राइव्हवेकडे, त्या सरळ कडांकडे. गोड आवाजात विचारतोय, “आजी, मॅचला जायच्या आधी ड्राइव्हवे शोव्हल करून देऊ का?”

पेन ठेवते, सिस्टर.